काउंटेसची चिचुंद्री

चित्रीकरणाचा तिसरा दिवस उजाडला तरी काउंटेस अल्विल्दे एका जागी बसायला तयार नव्हत्या. खुर्ची खिडकीशी ओढून ठेवली की त्या दुसऱ्या दारानं बाहेर पडत. कॅमेरा बागेत नेला की त्या वरच्या मजल्यावर, आणि सगळा संसार उचलून वर न्यावा तर खाली खंदकाच्या पुलावर त्यांची काठी टकटक करत असायची. आतापर्यंत वांदाच्या पदरात पडलं होतं ते एवढंच: करड्या शालीतली पाठ, जिन्याच्या कठड्यावरून सरकणारा हात आणि नुकतंच लागलेलं एक दार.

"मी घोड्यांच्या शर्यती टिपल्यात," कॅमेरा खांद्यावरून उतरवत प्रेबेन म्हणाला. "घोडा निदान ठरलेल्या दिशेनं तरी पळतो."

"तू टिपत राहा. मला हेच हवंय."

"पाठ?"

"पाठ, दार, काठी. सगळं."

"कोपनहेगनला तुझा साहेब विचारेल, बाई, की तोंड कुठाय."

वांदाने ध्वनिमुद्रणाचं यंत्र पुन्हा खांद्याला लावलं, हेडफोन कानांवर चढवले आणि काठीच्या आवाजामागे निघाली. चमू दोघांचाच होता. चित्र प्रेबेनकडे, आवाज आणि बाकीचं सारं तिच्याकडे.

हे एकोणीसशे चौऱ्याहत्तरच्या ऑक्टोबरमधलं. लोलँड बेटावर बिटं काढायची धांदल चालू होती. रस्त्यांवर चिखल, चिखलात ट्रॅक्टरच्या चाकांचे चर, आणि नाकस्कोवकडून वारा आला की साखर कारखान्याचा तो उग्र गोडसर वास. एल्मेगोरच्या गढीत काउंटेस अल्विल्दे क्रोन्सको अठ्ठ्याहत्तर वर्षं राहत होत्या, आणि तिथूनच त्यांनी मुलांसाठी चौदा पुस्तकं लिहिली होती. खंदकाकाठी राहणारा बगळा, त्याचा कर्जबाजारी मेहुणा, तोऱ्यात चालणारी बिज्जूबाई अशी ती सगळी मंडळी. डेन्मार्कमध्ये ती पुस्तकं ज्या घरात नसतील ते घर मुलांचं नव्हे, असं लोक म्हणत.

वांदाने पत्र पाठवून चित्रपटाची परवानगी मागितली तेव्हा तिला वाटलं होतं, नकारच येईल. आलं ते चार ओळींचं उत्तर. या. घर, बाग, पाणी, माझे हात, हवं ते टिपा. प्रश्न मात्र विचारू नका. वांदाला ते पत्र छातीशी धरावंसं वाटलं होतं. पुस्तकांच्या कपाटासमोर आरामखुर्चीत बसवून माणसाला बोलकं करणारे चित्रपट तिला वीट आणत. माणूस डोळ्यांच्या कडेनं दिसतो तसा तिला दाखवायचा होता, दारातून जाताना पडलेल्या सावलीसारखा, न बोलता. टेलिव्हिजनमधल्या स्कोवसाहेबांना तिने तेच पटवून दिलं होतं. ते अर्धवट पटले होते. "पण एकदा तरी बोलू दे गं तिला," ते म्हणाले होते. "लोकांना म्हातारीचा आवाज हवा असतो."

आणि खरं सांगायचं तर एक प्रश्न वांदालाही हवा होता. तो तिने कुणाला सांगितला नव्हता, प्रेबेनलाही नाही.

त्या चौदाही पुस्तकांत एक चिचुंद्री होती. नाव काशा. डोक्याला फुलाफुलांचा रुमाल, पायात मोठाले लाकडी बूट, दिवसभर माती उकरायची आणि सगळं चुकीचं बोलायची. "माझा भूक आली. माझी पाय थंड झाला." ती बोलली की खंदकाकाठची मंडळी गडाबडा लोळत, आणि वाचणारी मुलंही. आता लोलँडमध्ये डोक्याला असा रुमाल बांधून माती उकरायला कोण येत होतं, हे सांगायला नको. पोलंडहून आलेल्या मुली. वांदाची आजी काताझिना सतराव्या वर्षी आली, याच एल्मेगोरच्या शेतात बिटं काढली आणि इथलीच होऊन गेली. वांदाची आई मारियाना साक्सकोबिंगच्या कारखान्यात तीस वर्षं राबली. आणि शाळेत वांदा नोवित्स्का हे नाव कुणाच्या तोंडी बसलंच नाही. सात वर्षं तिला सगळे चिचुंद्रीच म्हणत. वर्गात बाईंनी काशाचा धडा मोठ्यानं वाचायला लावला की पोरं मागे वळून तिच्याकडे बघत.

तर प्रश्न तो होता. का?

तिसऱ्या दिवशी दुपारी वाऱ्यामुळे काउंटेसना घरात थांबावं लागलं. छोट्या दिवाणखान्यात कॉफी मांडली होती. घर सांभाळणारी इंगेबोर टॉफ्ट पस्तीस वर्षं बाईसाहेबांजवळ होती. ती नेहमीसारखी खुर्चीमागे उभी राहिली. वांदाने फुलदाणीमागे मायक्रोफोन ठेवून दिला होता. तिला फक्त कपबशांची किणकिण हवी होती. प्रेबेन दाराच्या फटीतून टिपत होता आणि ती बाहेर बोळात, भिंतीला टेकून, डोळे मिटून ऐकत होती.

कपाचा आवाज. चमच्याचा. मग काउंटेसचा आवाज, भरदार आणि हुकमी.

"इंगेबोर, ते दे. ते, पांढरं."

आणि लगेच खुर्चीमागून, कानाला ओठ लावून बोलावं इतकं हळू: "साखर."

"साखर दे. आणि काल तो आला होता ना, तो माझ्या... माझ्या..."

"पुतण्या. ओट्टो."

"ओट्टो आला होता, त्याचं काय?"

वांदाने डोळे उघडले. नुसत्या कानांनी खोलीत बसलेल्या कुणाला ते कुजबुजणं कळलं नसतं. यंत्रानं मात्र श्वाससुद्धा निसटू दिला नव्हता. ती तशीच ऐकत राहिली. रुमाल, खिडकी, बगळा, गुरुवार. प्रत्येक नावाच्या आधी बाईसाहेब एक क्षण अडखळत, मागून शब्द येई आणि त्या तो उचलून पुढे जात. सवय झालेल्या जोडीनं नाचावं तसं ते चाललं होतं.

संध्याकाळी सामानाच्या खोलीत इंगेबोर पावाचे काप करत होती. वांदा दारात उभी राहिली.

"कधीपासून?"

इंगेबोरची सुरी थांबली. तिने विचारलं नाही, काय कधीपासून. "तुमच्या त्या यंत्राला कान आहेत वाटतं."

"आहेत."

"फेब्रुवारीत. सकाळी उठल्या, चालल्या, न्याहारी केली. चहा मागायचा होता आणि चहा हा शब्दच मिळेना. रडल्या नाहीत. बशी फेकली." इंगेबोरने सुरी खाली ठेवली. "सगळं कळतं त्यांना, तुमच्या-माझ्याएवढं कळतं. नावं तेवढी गेलीत. लिहिताही येत नाही. तुम्हाला ते पत्र मी लिहिलं."

"म्हणून प्रश्न नकोत."

"म्हणून बसत नाहीत. बसलं की माणसं बोलायला लागतात." ती जवळ आली. "ओट्टोसाहेबांना नुसतं विसरभोळेपण वाटतंय. कळलं तर डॉक्टर आणतील, कागद करतील आणि बाईसाहेबांना मारिबोच्या वृद्धाश्रमात नेऊन बसवतील. गढीत त्यांना परिषदा भरवायच्यात. मला शब्द द्या, की तुम्ही त्यांना काही विचारणार नाही."

वांदाने शब्द दिला. तो देताना तिला राग आला आणि त्या रागाची लाजही वाटली. तीस वर्षं सांभाळलेला प्रश्न घेऊन ती या दारात आली होती, आणि उत्तर देणारीची झोळीच रिकामी निघाली होती.

दुसऱ्या दिवशी ऊन पडलं. काउंटेस न्याहारीआधीच बाहेर पडल्या. इंगेबोर तळघरात सफरचंदं निवडत होती, म्हणून त्या दिवशी त्यांच्या मागे दोघंच गेली. प्रेबेन लांबून टिपत होता. वांदाने मायक्रोफोन त्यांच्या शालीला अडकवला होता आणि तार हातात धरून दहा पावलं मागून चालत होती. काउंटेसनी पूल ओलांडला, बाग मागे टाकली आणि बिटाच्या शेतांकडे निघाल्या. तिकडे त्या तीन दिवसांत एकदाही गेल्या नव्हत्या.

शेताच्या कडेला विटांची एक लांबट बैठी इमारत होती. पोलिश मुलींची जुनी बराक. आता तिथे नांगर आणि फुटकी पिंपं पडलेली असत. काउंटेस तिच्या दारापाशी थांबल्या. काठीने दार ढकललं. आत न जाता उंबऱ्यावर उभ्या राहिल्या आणि काहीतरी पुटपुटल्या.

वांदाच्या कानात तो शब्द स्पष्ट आला. वार्कोच.

डेनिश शब्द नव्हता तो. आजी सकाळी कंगवा घेऊन हाक मारायची तेव्हा हाच शब्द असायचा. वार्कोच, म्हणजे वेणी. साखर हा शब्द ज्या बाईला आठवत नव्हता तिच्या तोंडी आजीचा शब्द होता.

इंगेबोरला दिलेला शब्द वांदाला आठवला. नाही असं नाही. तो तिला अगदी नीट आठवला, आणि तिने हेडफोन गळ्यात उतरवून विचारलं, "काउंटेस, काशा कोण होती?"

काउंटेस वळल्या. मागून शब्द पुरवणारं कुणी नव्हतं. त्यांची नजर आधी वांदाच्या मागे इंगेबोरला शोधून आली, मग यंत्राच्या फिरत्या चकत्यांवर स्थिरावली. वांदाला वाटलं, आता ही काठी उगारणार.

"मी लहान," काउंटेस म्हणाल्या. हात गुडघ्याशी नेला. "एवढी. आत होती ती... काळी. गरम. लाकूड घालतात."

"शेगडी?"

"शेगडी. तिच्याजवळ ती. मोठी मुलगी. मला मांडीत. आणि इथे..." त्यांनी आपले पांढरे विरळ केस दोन्ही हातांत धरले. "वार्कोच. रोज. गात गात. माझी ती, मला जिनं जन्म... तिनं कधीच नाही. हात नाही."

त्या चालू लागल्या. बराकीच्या भिंतीला धरून एक फेरी, मग दुसरी. वांदा तार सांभाळत बरोबर चालत होती. एकेका वाक्याला चार-चार वळणं लागत. शब्द नाही मिळाला की त्या काठीने मातीत आकृती काढत, हातांनी दाखवत आणि चुकीचा शब्द आला की स्वतःलाच "नाही, नाही" म्हणून तो झटकून टाकत.

"मग जेवायचं. मोठं, चार पायांचं. सगळे बसलेले. बाबा हसत नसे. कधीच नाही. मी सहा. मी बोलले तिच्यासारखं. 'माझा भूक आली.'" त्या थांबल्या. त्यांचा आवाज क्षणभर लहान मुलीचा झाला होता. "बाबा हसला. इतका, की डोळ्यांतून ते आलं."

"पाणी."

"पाणी. पुन्हा म्हण, म्हणाला. म्हटलं. पुन्हा. पाहुणेही हसले. मग बाबानं विचारलं, हे तू कुठे शिकलीस?"

काउंटेसनी काठीने मातीतली आकृती पुसून टाकली.

"तुम्ही सांगितलंत," वांदा म्हणाली.

"सांगितलं. बोट दाखवलं. खिडकीतून." काठी शेताकडे गेली. "दुसऱ्या दिवशी नव्हती. गाडीत घातली. थंडी होती. पायांत काही नव्हतं की होतं, मला... ते मला माहीत नाही."

"तिचं नाव काय होतं?"

"नाही."

"आता आठवत नाही?"

"आता नाही, तसं नाही." त्या चिडल्या. हा फरक वांदाला कळलाच पाहिजे, म्हणून त्यांनी तिची बाही धरून ओढली. "बाकीचे गेले ते आत्ता गेले. हे कधी नव्हतंच. मी विचारलं नाही. त्या सगळ्याजणींना काशाच म्हणत. मग मी लिहिलं तेव्हा... बाबा हसला होता ना. म्हणून ती पहिल्यांदा. ती आली की सगळे हसतात. म्हणून दर वेळी." बाही सोडून त्यांनी दोन्ही हातांची बोटं दाखवली आणि मग आणखी चार.

प्रेबेनचं रीळ केव्हाच संपलं होतं. तो शेताच्या टोकाला उभा राहून नुसता बघत होता. टेप मात्र फिरत होती.

"माझी आजी इथेच होती," वांदा म्हणाली. "ती नव्हे. तुमच्या मुलीनंतर दहा वर्षांनी आली. काताझिना. शाळेत मला चिचुंद्री म्हणायचे."

हे वाक्य तिने हजार वेळा मनात म्हणून पाहिलं होतं. दर वेळी त्यानंतर समोरची बाई खाली मान घालत असे. काउंटेसनी मान घातली नाही. त्यांनी वांदाच्या चेहऱ्याकडे पाहिलं, शोधून शोधून पाहिलं, आणि विचारलं, "किती?"

"सात वर्षं."

"सात," त्या म्हणाल्या. तोंड उघडलं, पुढचा शब्द शोधला, सापडला नाही. पुन्हा शोधला. मग त्या एकाएकी वळून चिखलातून तरातरा गढीकडे निघाल्या, इतक्या वेगानं की वांदाच्या हातची तार ताणून सुटली आणि मायक्रोफोन मातीत पडला.

पुलावर इंगेबोर उभी होती. हातात सफरचंदांची टोपली. तिला काय झालं ते विचारावं लागलं नाही.

"तुम्ही शब्द दिला होता."

"हो."

"मग?"

"मोडला."

"ती टेप पुसून टाका. आत्ता, माझ्यासमोर."

काउंटेसनी काठी पुलाच्या फळीवर आपटली. "ठेव," त्या म्हणाल्या.

"बाईसाहेब, तुम्हाला कळतंय का काय ठेवायचं ते?"

"ठेव," त्यांनी पुन्हा म्हटलं आणि दोघींच्या मधून निघून गेल्या.

कोपनहेगनला आल्यावर वांदाची झोप आणि भूक दोन्ही उडाली. संकलनाच्या टेबलावर ती दिवसच्या दिवस चित्रं जुळवायची. खंदकावरचं धुकं, हात, दार, पाठ. जुळत छान होतं. मग त्यात आवाज घालायची, ऐकायची, उठून खोलीत फेऱ्या मारायची, आवाज काढायची. आवाज घातला की आपण सूड घेतोय असं वाटे. काढला की आजीसारखीच ती मुलगी पुन्हा एकदा गाडीत घालून पाठवली असं वाटे. त्या टेपबद्दल तिने स्कोवसाहेबांना सांगितलंच नव्हतं. खाली तळ्याभोवती चालायला जायची तर बाकावर बसलेल्या म्हाताऱ्या तिच्याकडे बघून आपसांत बोलतायत असं वाटून परत यायची.

"अगं, एक काहीतरी ठरव," प्रेबेन म्हणाला. "तुझ्यामुळे माझीही कॉफी गार व्हायला लागलीय."

"तू काय केलं असतंस?"

"मी चित्रवाला. मला ऐकू येत नाही."

शेवटी तिने आवाज वगळला. अडतीस मिनिटांचा, नितळ आणि सुंदर चित्रपट झाला. तो टेलिव्हिजनला देण्याआधी डिसेंबरात ती प्रेबेनला घेऊन पुन्हा एल्मेगोरला गेली. इंगेबोरने दार उघडलं, नमस्कार केला नाही. जेवणघरात भिंतीवर चादर ताणली, प्रेबेनने यंत्र लावलं. काउंटेसनी सगळा चित्रपट उभ्यानं पाहिला.

दिवे लागले. त्यांनी चादरीकडे काठी केली. "ही कोण?"

"तुम्ही," वांदा म्हणाली.

"सुंदर आहे." त्या चादरीच्या अगदी जवळ गेल्या, हातानं ती चाचपली. "मेलेली आहे." मग वळून त्यांनी स्वतःच्या गळ्याला हात लावला. "माझा कुठाय?"

"आवाज मी काढला. ओट्टोसाहेबांना कळलं तर..."

"ओट्टो येईल," काउंटेस म्हणाल्या. नाव मागून कुणी सांगितलं नव्हतं. "येऊ दे. घाल."

"लोक हसतील, काउंटेस. तुम्ही ज्या तऱ्हेनं बोलता त्याला."

"हसतील," त्यांनी मान डोलावली. त्यांना ते आधीच ठाऊक होतं, किंबहुना तेच हवं होतं, असं वांदाला वाटलं. ते खरं होतं की आपल्याला सोयीचं होतं म्हणून वाटलं, हे तिला पुढेही कधी ठरवता आलं नाही.

इंगेबोर उठून स्वयंपाकघरात गेली. बराच वेळ आतून भांड्यांच्या आदळआपटीचा आवाज येत राहिला. मग ती कॉफी घेऊन आली. बाईसाहेबांना दिली, प्रेबेनला दिली, स्वतःसाठी ओतली आणि वांदासमोरचा कप तसाच रिकामा ठेवून भांडं परत घेऊन गेली.

मार्चमधल्या एका रविवारी संध्याकाळी चित्रपट दाखवला गेला. शेवटची साडेचार मिनिटं पडद्यावर बराकीच्या विटांची भिंत होती, तिच्या कडेनं चालणारी एक म्हातारी आणि तिचा तो अडखळता, ठेचाळता आवाज. आठवडाभर वर्तमानपत्रांत पत्रं आली. एका शिक्षिकेनं लिहिलं की असहाय वृद्धेचा असा तमाशा मांडणं निर्दयपणाचं आहे. कुणी लिहिलं की आमच्या बालपणावर चिखल उडवला. नाकस्कोवच्या एका गृहस्थानं फक्त आपल्या आईचं नाव, जन्मगाव आणि ती लोलँडला आली ते वर्ष एवढंच लिहून पाठवलं होतं. ते पत्रही छापलं गेलं. स्कोवसाहेबांनी वांदाची पाठ थोपटली आणि पुढचा चित्रपट कुणावर करायचा ते विचारलं.

एप्रिलमध्ये ओट्टोसाहेब डॉक्टरला घेऊन एल्मेगोरला आले. महिन्याच्या आत काउंटेस मारिबोच्या वृद्धाश्रमात होत्या. इंगेबोरने दूरध्वनी केला तो केवळ हे सांगायला.

"खोली चांगली आहे. खिडकीतून तळं दिसतं. मला ठेवून घेत नाहीत, तिथे त्यांच्या पगारी बायका आहेत. त्या बायकांना वेळ नाही मागून शब्द सांगायला."

"इंगेबोर, त्याच म्हणाल्या होत्या, घाल."

"म्हणाल्या ना. पस्तीस वर्षं त्या म्हणतील ते मी ऐकत आले. सगळंच ऐकायचं नसतं, हे मला कळत होतं. तुम्हालाही कळायला हवं होतं." आणि तिने दूरध्वनी ठेवून दिला.

वांदा दोनदा मारिबोपर्यंत गेली. पहिल्यांदा स्टेशनवरूनच परतली. दुसऱ्यांदा आश्रमाच्या फाटकापाशी पोचली, फुलं हातात धरून रस्त्याच्या पलीकडे अर्धा तास येरझाऱ्या घातल्या आणि तिथून साक्सकोबिंगची बस पकडून आईकडे गेली.

मारियाना स्वयंपाकघरात बसून होती. साठी उलटली तरी हात रिकामे ठेवायची तिला सवय नव्हती. चित्रपट तिने शेजारणीच्या घरी पाहिला होता आणि त्याबद्दल आजवर अवाक्षर काढलं नव्हतं.

"आई, तुला कसा वाटला ते सांग तरी."

"काय सांगू? पाणी फार होतं त्यात."

"आणि शेवट?"

मारियाना बटाटा सोलत राहिली. "बाई चिखलातून एकटी चालत होती. त्या वयाला. तू तार धरून मागे. हात धरायचा होतास."

"तिथे आजीला काय म्हणायचे, मला शाळेत काय म्हणायचे, ते तुला ठाऊक आहे ना?"

"मला नाही ठाऊक तर कुणाला? तुझी शाळेची चड्डी मीच धुवायचे. रडून आलीस की त्या दिवशी ओली असायची." तिने फुलांकडे पाहिलं. "ही कुणासाठी आणली होतीस?"

वांदाने सांगितलं.

पुढच्या गुरुवारी मारियाना एकटीच मारिबोला गेली. मुलीला तिने कार्डावर फक्त एवढंच लिहून कळवलं होतं की बस सकाळी नऊची आहे. बरोबर डब्यात पोन्चकी होत्या, प्लमचा मुरंबा भरून तळलेल्या. वांदा कोपनहेगनहून येऊन बसथांब्यावर थांबली. चारची बस आली, पाचची आली. तिने सिगारेट ओढली, थांब्यावरचं वेळापत्रक पाठ केलं, कारखान्याच्या कुंपणापर्यंत जाऊन आली. सहाच्या बसमधून आई उतरली आणि रिकामा डबा तिच्या हातात देऊन घराकडे चालू लागली.

"भेटल्या?"

"भेटली की."

"बोलल्या?"

"खूप. तासभर. मी पोलिश बोलले, ती तिचं काहीतरी बोलली. मध्येच एखादा शब्द आपला यायचा. मग ती खूश व्हायची आणि तोच दहा वेळा म्हणायची."

"आई, माफी मागितली त्यांनी?"

"मला कसं कळणार? एक फार लांबलचक बोलली, माझा हात धरून. डोळ्यांत पाणी होतं. माफी असेल, नाहीतर दुपारचं सूप खारट होतं असंही म्हणत असेल. मी म्हटलं, हो बाई, तसंच असतं."

"म्हणजे तू त्यांना माफ केलंस?"

"मी पोन्चकी नेल्या होत्या," मारियाना म्हणाली. "दोन खाल्ल्या तिनं. तिसरी रुमालात बांधून उशीखाली ठेवली. तिथल्या बायका ओरडतील."

घरी आल्यावर तिने पायांतले बूट काढले, घोटे चोळले आणि चूल पेटवली. वांदा दाराच्या चौकटीला टेकून उभी होती. तिला बसवत नव्हतं.

"पुढच्या गुरुवारी मीही येते," ती म्हणाली.

"नको."

"का?"

"तू प्रश्न विचारतेस." मारियानाने पातेलं चुलीवर ठेवलं. "त्या इंगेबोरचा पत्ता आहे का तुझ्याकडे? तिला विचार, तिला यायचंय का. शब्द मला नाही सांगता येत, तिला येतात. नऊची बस इथून निघते म्हणावं."

वांदाने पिशवीतून वही काढली, पत्ता शोधला आणि दूरध्वनी कुठे मिळेल याचा विचार करत पुन्हा कोट अंगात घातला.